आदेश हातात आहे, अंमलबजावणी नाही: न्यायालयाच्या अवमानाबद्दल वारंवार विचारले जाणारे प्रश्न

हातात कोर्टाचा आदेश आहे, पण मोबदला खात्यात नाही, पांदण मोकळी नाही, नोकरीवर रुजू करून घेतलेलं नाही. तालुक्याच्या कोर्टाच्या आवारात अशी माणसं रोज भेटतात. बहुतेकांचा पहिला प्रश्न असतो, "साहेबावर अवमानाची केस टाकता येते का?" येते. पण कधी, कोणत्या कोर्टात आणि किती दिवसांच्या आत, हे ठाऊक नसल्याने चांगली प्रकरणं हातची जातात. आदेश मिळवायला दहा-दहा वर्षं घालवलेल्या माणसाला शेवटच्या टप्प्यावर तारखेच्या घोळामुळे रिकाम्या हाताने परत जाताना बघणं फार वाईट. म्हणून ही प्रश्नोत्तरं. तुमच्या प्रकरणाचा निर्णय मात्र कागद वकिलाला दाखवूनच करा.

अवमान म्हणजे नेमकं काय?

न्यायालय अवमान अधिनियम, १९७१ मध्ये दोन प्रकार आहेत. न्यायालयाचा निकाल, हुकूमनामा, निर्देश किंवा आदेश जाणूनबुजून न पाळणं, किंवा न्यायालयाला दिलेली हमी जाणूनबुजून मोडणं, हा दिवाणी अवमान. न्यायालयाची बदनामी करणं, न्यायदानात अडथळा आणणं, हा फौजदारी अवमान. आपल्या विदर्भातली जवळपास सगळी प्रकरणं पहिल्या प्रकारातली असतात.

"जाणूनबुजून" हा शब्द पक्का लक्षात ठेवा, कारण सगळी लढाई त्याच्याभोवती होते. आदेश पाळला गेला नाही एवढं दाखवून भागत नाही. समोरच्याला आदेश माहीत होता, पाळणं त्याच्या हातात होतं, तरी त्याने पाळला नाही, हे दाखवावं लागतं. आदेशाचे दोन प्रामाणिक अर्थ निघत असतील तर अवमान सिद्ध होणं कठीण जातं.

तालुक्याच्या कोर्टाचा आदेश मोडला तरी नागपूरलाच जायचं का?

बहुतेक वेळा नाही. अवमानाची शिक्षा देण्याचा अधिकार उच्च न्यायालयाचा आहे आणि खालच्या न्यायालयांच्या अवमानाबद्दलही तेच शिक्षा देऊ शकतं. विदर्भाच्या अकराही जिल्ह्यांसाठी ते म्हणजे मुंबई उच्च न्यायालयाचं नागपूर खंडपीठ. पण खालच्या कोर्टाकडे स्वतःचे उपाय असताना थेट नागपूर गाठलं, तर "आधी तिकडे जा" असं ऐकून परतावं लागण्याची शक्यता मोठी.

समजा दिवाणी न्यायाधीशांनी तुमच्या वावरावर तात्पुरता मनाई हुकूम दिला आणि शेजाऱ्याने धुरा नांगरून टाकला. मग दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९, नियम २-अ खाली त्याच कोर्टात अर्ज करायचा. ते कोर्ट त्याची मालमत्ता जप्त करू शकतं आणि त्याला तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदेत ठेवू शकतं. मनाई कायमची असेल, म्हणजे दाव्याचा निकाल लागून हुकूमनामा झाला असेल, तर आदेश २१, नियम ३२ खाली दरखास्त, म्हणजे हुकूमनामा राबवण्याचा अर्ज, टाकायची. धुरा नांगरला त्याच दिवशी फोटो काढा, पटवाऱ्याकडे पंचनाम्यासाठी लेखी अर्ज द्या. आठवड्याने पाऊस पडला की नांगरटीची खूण राहत नाही.

धरणात वावर गेलं. कोर्टाने वाढीव मोबदला मंजूर केला, पैसे येत नाहीत. अवमान होतो का?

वैनगंगेवरच्या गोसीखुर्दची पायाभरणी १९८८ ची. तिथली आणि तशाच इतर प्रकल्पांतली वाढीव मोबदल्याची प्रकरणं अनेक घरांत बापाकडून लेकाकडे आली. त्यामुळे चीड समजते. पण पैशाच्या हुकूमनाम्याची वसुली ही दरखास्तीची बाब आहे. अवमान हा न्यायालयाचा हुकूम धाब्यावर बसवल्याबद्दलच्या शिक्षेचा मार्ग आहे, वसुलीचा नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने वारंवार सांगितलं आहे.

सरकारविरुद्धच्या हुकूमनाम्यात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८२ प्रमाणे आधी तीन महिने थांबावं लागतं. त्यानंतर दरखास्त टाकली की कोर्ट जप्ती वॉरंट काढू शकतं. बेलिफ जिल्हाधिकारी कार्यालयात जाऊन खुर्च्या, संगणक, गाडी जप्त करायला निघाल्याच्या बातम्या तुम्ही वाचल्या असतील, त्या या दरखास्तींच्या. हुकूमनाम्याच्या दरखास्तीला १२ वर्षांची मुदत असते. शिवाय वाढीव रकमेवर ताबा घेतल्यापासून पहिल्या वर्षी ९ टक्के आणि पुढे १५ टक्के दराने व्याज देववण्याचा अधिकार कोर्टाला आहे. हे व्याज निकालात दिलं आहे का, ते आधी तपासा.

मात्र उच्च न्यायालयाने रिट याचिकेत (सरकारी कार्यालयाला हुकूम द्यावा म्हणून उच्च न्यायालयात थेट केलेल्या याचिकेत) "अमुक तारखेपर्यंत रक्कम जमा करा" असा थेट निर्देश दिला असेल, किंवा सरकारी वकिलाने "सहा आठवड्यांत जमा करतो" अशी हमी दिली आणि कोर्टाने ती नोंदवून घेतली असेल, तर गोष्ट वेगळी. तिथे अवमान याचिका उभी राहू शकते.

तहसीलदाराने पांदण मोकळी करण्याचा आदेश दिला. समोरचा ऐकत नाही. अवमान?

पेरणी तोंडावर आली की हा प्रश्न वाढतो. मामलेदार न्यायालय अधिनियम, १९०६ खाली तहसीलदाराने दिलेल्या आदेशाची अंमलबजावणी करणं हे तहसील कार्यालयाचंच काम आहे. म्हणून आधी तिथेच अंमलबजावणीचा लेखी अर्ज, पोलीस बंदोबस्ताच्या मागणीसह. तहसीलदार स्वतःचाच आदेश राबवत नसतील तर उच्च न्यायालयात रिट याचिका करून "इतक्या आठवड्यांत आदेश राबवा" असा निर्देश मागता येतो. तो निर्देश मिळाल्यावरही पांदण बंदच राहिली, तर अवमानाचा प्रश्न येतो आणि तेव्हा तो पांदण अडवणाऱ्यापुरता राहत नाही, तहसीलदारापर्यंत जातो.

किती दिवसांत याचिका करावी लागते?

एक वर्ष. सर्वांत जास्त नुकसान याच उत्तराच्या अज्ञानामुळे होतं, म्हणून जरा विस्ताराने सांगतो.

अवमान कायद्याच्या कलम २० प्रमाणे, अवमान घडल्याच्या तारखेपासून एक वर्ष उलटल्यावर न्यायालय कारवाई सुरू करू शकत नाही. त्या वर्षाच्या आत तुमची याचिका दाखल झालेली असली पाहिजे. पल्लव शेठ प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये स्पष्ट केलं की याचिका वर्षात दाखल झाली असेल, तर नोटीस पुढे कधी निघाली यावरून ती मुदतबाह्य ठरत नाही.

हिशेब असा धरा. आदेश १० जूनचा आहे आणि त्यात "प्रत मिळाल्यापासून १२ आठवड्यांत" असं लिहिलं आहे. तुम्ही १ जुलैला प्रत कार्यालयात दिली. १२ आठवडे २३ सप्टेंबरला संपतात. आदेश मोडला गेला तो त्यानंतर, आणि वर्ष तिथून सुरू होतं. आदेशात मुदतच लिहिलेली नसेल तर वाद नको म्हणून आदेशाच्या तारखेपासूनच वर्ष मोजा आणि त्याच्या आत हला.

आता या वर्षात काय होतं ते बघा. कार्यालयात गेलं की "फाइल मुंबईला गेली आहे", "विधी व न्याय विभागाचा अभिप्राय यायचा आहे", "पुढच्या महिन्यात या". आपला माणूस भिडस्त असतो. साहेब गोड बोलले, चहा पाजला, मग कशाला वाकडं व्हायचं, असं म्हणून परततो. दर दोन महिन्यांनी स्मरणपत्र देतो आणि त्याला वाटतं की प्रत्येक स्मरणपत्राने मुदत नव्याने सुरू झाली. तसं होत नाही. स्मरणपत्रं आणि वकिलाच्या नोटिसा पाठवल्याने वर्ष लांबत नाही. "आजही पाळत नाहीत, म्हणजे अवमान आजही चालूच आहे" हा युक्तिवाद काही प्रकरणांत टिकतो, पण त्याच्या भरवशावर बसू नका. तोंडी आश्वासनाला मान द्या, पण तारीख वहीत लिहून ठेवा. नऊ महिने झाले की नागपूरच्या वकिलाकडे कागद गेलेच पाहिजेत.

वर्ष उलटून गेलंच असेल तर सगळं संपलं असंही नाही. हुकूमनामा असेल तर दरखास्तीचा रस्ता उघडा असतो. उच्च न्यायालयाचा निर्देश असेल तर त्याच्या अंमलबजावणीसाठी नव्याने दाद मागता येते का, हे वकील कागद पाहून सांगतील.

आदेश साहेबांना पोचवायचा कसा?

सरकारी वकील कोर्टात हजर होते म्हणजे कार्यालयाला कळलं, असं गृहीत धरू नका. आदेशाची प्रमाणित नक्कल काढा. तिच्या छायाप्रतीसोबत एका पानाचं पत्र जोडा. त्यात याचिकेचा क्रमांक, आदेशाची तारीख, काय करायचं आहे ती ओळ आणि मुदत एवढंच लिहा. दोन संच करा. एक आवक-जावक टेबलावर द्या, दुसऱ्यावर शिक्का, आवक क्रमांक, तारीख आणि घेणाऱ्याची सही घ्या. तारखेचा आकडा शाईत फिसकटला असेल तर लिपिकाला पेनाने बाजूला लिहायला सांगा. कोर्टात हीच पोच पहिल्यांदा मागितली जाते, आणि तिच्यावरची तारीख वाचता आली नाही तर वर्षभराचा हिशेबच डळमळतो. तिथून बाहेर पडण्याआधी मोबाइलवर फोटो काढा. लिपिक घेत नसेल तर त्याच दिवशी स्पीड पोस्टाने पाठवा आणि पोचल्याचा ऑनलाइन तपशील छापून ठेवा.

उच्च न्यायालयाचा आदेश बहुधा इंग्रजीत असतो. शेवटच्या परिच्छेदात प्रत्यक्ष हुकूम असतो. वकिलाकडून तेवढा परिच्छेद मराठीत लिहून घ्या, शब्द न शब्द. आदेशात काय नाही, हेही त्यातून कळतं.

कोर्टाने "निवेदनावर निर्णय घ्या" म्हटलं होतं. साहेबांनी नकार दिला. हा तर अवमानच ना?

नाही, आणि हे ऐकून माणसं खचतात, म्हणून नीट समजून घ्या. "याचिकाकर्त्याच्या निवेदनावर आठ आठवड्यांत कायद्यानुसार निर्णय घ्यावा" असा आदेश असेल, तर साहेबांचं कर्तव्य निर्णय घेण्याचं होतं, होकार देण्याचं नव्हतं. त्यांनी चार ओळींत नकार कळवला तरी अक्षरशः आदेश पाळला गेला. तो नकार चुकीचा असेल, तर त्यातून दाद मागण्याचं नवं कारण तयार होतं आणि त्यासाठी नवी रिट याचिका करावी लागते. सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये जे. एस. परिहार प्रकरणात हीच भूमिका घेतली आणि ती आजही लागू होते. अवमानाचं न्यायालय मूळ आदेशाच्या पलीकडे जाऊन नवं काही देत नाही.

माझं मत स्पष्ट आहे. मूळ याचिकेच्या वेळीच वकिलाला विचारा, "साहेब, आपण निवेदनावर निर्णय मागतोय की प्रत्यक्ष हक्क मागतोय?" पहिली गोष्ट एका पेशीत मिळते, म्हणून मोहात पाडते. अनुकंपा नियुक्ती, शिक्षकाच्या पदाला मान्यता, पुनर्वसनाचा भूखंड, अशा प्रकरणांत या सोप्या आदेशावर समाधान मानल्याने माणूस दोन वर्षांनी पुन्हा तिथेच उभा दिसतो. निदान "कारणांसह आदेश द्यावा" आणि "याचिकाकर्त्याचं म्हणणं ऐकून घ्यावं" एवढं तरी आदेशात यावं, असा आग्रह धरा. मग नकार चार ओळींचा राहत नाही आणि त्याला आव्हान द्यायला कारणं हातात असतात.

निर्णयच घेतला नाही, आठ आठवडे गेले आणि कागद हललाच नाही, तर मात्र तो अवमान ठरू शकतो.

"आम्ही अपील केलंय" असं सांगतात. मग थांबावं लागतं?

नुसत्या अपिलाने आदेश थांबत नाही, त्यासाठी स्थगिती लागते. स्थगितीचा आदेश दाखवा, असं लेखी मागा. स्थगितीचा अर्ज प्रलंबित असेल तर कोर्ट आधी तो ऐकून मग अवमानाकडे वळतं. मुदतवाढीच्या अर्जाचंही तेच: नुसता अर्ज केल्याने मुदत वाढत नाही.

"निधी नाही" हे कारण चालतं का?

खरोखर अशक्य असेल तर "जाणूनबुजून" म्हणता येत नाही. पण निधी कधी मागितला, कोणत्या तारखेचा प्रस्ताव, कुठे अडला, हे साहेबांना शपथपत्रावर सांगावं लागतं. माहिती अधिकारात त्या पत्रव्यवहाराच्या प्रती आधीच काढून ठेवल्या तर शपथपत्रातलं खरं-खोटं तुमच्या वकिलाला लगेच दाखवता येतं.

याचिका कोणाविरुद्ध करायची? साहेबांची तर बदली झाली.

अवमान व्यक्ती करते, त्यामुळे अधिकाऱ्याचं नाव आणि हुद्दा दोन्ही लिहावे लागतात. बदलीने आदेश संपत नाही. नव्या साहेबांना आदेशाची प्रत पुन्हा द्या आणि पुन्हा पोच घ्या, कारण त्यांना माहीत होतं हे दाखवायचं आहे. मुदतीच्या काळात खुर्चीत कोण होतं, हेही तारखांनिशी शोधून ठेवा.

शिक्षा काय होते? खरंच कोणी जेलमध्ये जातं का?

कायद्यात सहा महिन्यांपर्यंत साधी कैद, किंवा २,००० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. दंड सरकारजमा होतो, तुम्हाला मिळत नाही.

जेल दुर्मिळ आहे, पण अशक्य नाही. २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सुरूपसिंग नाईक यांना, ते राज्याचे वनमंत्री असतानाच्या निर्णयाबद्दल, एक महिन्याची साधी कैद सुनावली. त्यांच्यासोबत वनखात्याचे प्रधान सचिव राहिलेल्या अधिकाऱ्यालाही तीच शिक्षा झाली. लाकूड उद्योगांबाबतचा न्यायालयाचा आदेश डावलून परवानग्या दिल्याचं ते प्रकरण होतं. मे २०२५ मध्ये अमरावतीचे सुपुत्र न्यायमूर्ती भूषण गवई यांच्या खंडपीठाने आंध्र प्रदेशातल्या एका उपजिल्हाधिकाऱ्याला पुन्हा तहसीलदार पदावर खाली आणलं आणि १ लाख रुपये दंड केला. तहसीलदार असताना उच्च न्यायालयाचा आदेश धुडकावून त्याने गरिबांच्या झोपड्या पाडल्या होत्या. पद कितीही मोठं असो, न्यायालयाच्या आदेशापुढे ते चालत नाही, हे अशा निकालांमुळे गावातल्या माणसालाही ठामपणे म्हणता येतं.

बहुतेक याचिकांचा शेवट मात्र वेगळा होतो. नोटीस निघते, फाइल हलते, पुढच्या पेशीआधी आदेश पाळला जातो, साहेब माफी मागतात आणि याचिका निकाली निघते. तुम्हाला हवं होतं ते मिळालं असेल, तर यात वाईट वाटून घेण्यासारखं काही नाही.

कलेक्टर साहेबांना कोर्टात उभं करतील का?

लगेच नाही. ३ जानेवारी २०२४ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सरकारी अधिकाऱ्यांना हजर राहायला सांगण्याबाबत कार्यपद्धती घालून दिली. ऊठसूट बोलावू नये, आणि बोलवायचंच तर आधी व्हिडिओद्वारे हजेरीचा पर्याय द्यावा, असं त्यात आहे. तुमचं लक्ष साहेबांना उभं करण्यावर नको, आदेश पाळला जाण्यावर हवं.

नवरा खावटी देत नाही. हाही अवमान?

त्याच्यासाठी जवळचा उपाय आहे. ज्या कोर्टाने खावटी ठरवली तिथेच वसुलीचा अर्ज करा. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १४४ प्रमाणे वॉरंट निघतं आणि थकलेल्या प्रत्येक महिन्यासाठी एक महिन्यापर्यंत कैद होऊ शकते. ताई, इथेही एक वर्षाचीच अट आहे: रक्कम देय झाल्यापासून वर्षात अर्ज करायला हवा. म्हणून "देईल कधीतरी" म्हणत दोन-दोन वर्षं थांबू नका. आणि नवरा जेलमध्ये जाऊन आला म्हणजे थकबाकी माफ होत नाही, ती त्याला द्यावीच लागते.

बियाणं उगवलं नाही, ग्राहक आयोगाने भरपाई दिली, कंपनी देत नाही.

नागपूर खंडपीठात जाण्याची गरज नाही. ग्राहक संरक्षण अधिनियम, २०१९ च्या कलम ७१ खाली वसुली आणि कलम ७२ खाली शिक्षेचा अर्ज त्याच आयोगाकडे करता येतो. कलम ७२ मध्ये एक महिना ते तीन वर्षं कैद, किंवा २५,००० ते १ लाख रुपये दंड, किंवा दोन्ही आहे. अवमानापेक्षा हे कलम कडक आहे.

व्हॉट्सॲप ग्रुपवर निकालावर टीका केली तर माझ्यावरच केस होईल का?

निकालावर संयमित, मुद्द्याला धरून टीका करण्याची मुभा कायद्यातच आहे. न्यायाधीशाने पैसे खाल्ले असं पुराव्याशिवाय लिहिणं मात्र महागात पडू शकतं. तुमचं प्रकरण चालू असेल तर ग्रुपवर काहीच लिहू नका.

वकिलाचे पैसे नाहीत, आणि सिरोंचाहून नागपूर गाठायला दिवस जातो.

स्त्रिया, अनुसूचित जाती-जमातीची माणसं आणि दिव्यांग व्यक्तींना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. इतरांना उत्पन्नाची मर्यादा आहे. अर्ज तालुक्याच्या विधी सेवा समितीत किंवा जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात द्या. उच्च न्यायालयातल्या प्रकरणांसाठी नागपूरला वेगळी विधी सेवा उपसमिती आहे. १५१०० ही मोफत हेल्पलाइन आहे. प्रत्येक पेशीला तुम्ही जाण्याची गरज नसते, वकील हजर असले की पुरतं. पुढची तारीख मोबाइलवर प्रकरणाचा क्रमांक टाकून पाहता येते, गावातल्या कोणत्याही शिकलेल्या पोराला ते जमतं.

अवमान याचिका फेटाळली तर अपील आहे का?

अवमान कायद्याच्या कलम १९ चं अपील शिक्षा झालेल्यासाठी आहे. याचिका फेटाळली गेली तर तुमच्यासाठी ते दार नाही. उरते ती सर्वोच्च न्यायालयातली विशेष अनुमती याचिका, आणि तिचा खर्च झेपणारे थोडेच. म्हणून पोच, तारखा, आदेशाचा शेवटचा परिच्छेद हे सगळं पहिल्याच वेळी चोख असू द्या.

पैसे जमा झाले. आता "आदेश पाळला" अशा कागदावर सही मागतात. करू का?

आधी बँकेचा उतारा काढा. निकालातली रक्कम, व्याजाचा दर, व्याज कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत, हे वकिलासोबत ओळीने जुळवून पाहा. सातबाऱ्यावर तीन भावांची नावं असतील तर तिघांचे हिस्से वेगवेगळे तपासा. कमी आले असतील तर किती कमी ते आकड्यात लिहून पुढच्या पेशीला कोर्टापुढे ठेवा. बरोबर असतील तरच वकिलामार्फत पुरसीस, म्हणजे तसं कोर्टाला कळवणारा लेखी कागद, द्या. कार्यालयात टेबलावर सरकवलेल्या कागदावर तिथल्या तिथे सही करू नका. तो कागद घरी आणा, वाचून घ्या आणि वकिलाला दाखवा.